सावकारी पाश : कर्जबाजारी शेतकऱ्याची मूक कहाणी

कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने १९२५ साली काढलेला 'सावकारी पाश' हा भारतीय चित्रसृष्टीतील वास्तववादी सामाजिक चित्रपटांचा आरंभबिंदू मानला जातो. बाबूराव पेंटर (१८९०-१९५४) हे त्याचे दिग्दर्शक, तर कथा कादंबरीकार नारायण हरी आपटे यांची होती.

दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र'पासून (१९१३) मूकपटांवर पुराणकथांचे वर्चस्व होते. त्या चित्रपटातील तारामतीची भूमिकाही पुरुषानेच केली होती. पेंटर यांनी 'सैरंध्री'त (१९२०) स्त्रियांना पडद्यावर आणले. पुढे 'सावकारी पाश'मध्ये त्यांनी देवादिकांऐवजी कर्जात बुडालेला शेतकरी उभा केला. सावकाराच्या कारस्थानामुळे त्याची जमीन जाते आणि पोटासाठी त्याला शहरातील गिरणीची वाट धरावी लागते. तरुण शेतकऱ्याची ही भूमिका व्ही. शांताराम यांनी केली होती. अंधूक प्रकाशातील उदास झोपडी आणि तिच्याजवळ भुंकणारे कुत्रे हे दृश्य जाणकारांनी विशेष वाखाणले.

हा विषय प्रेक्षकांना परका नव्हता. सावकारांविरुद्ध १८७५ साली पुणे व नगर जिल्ह्यांत शेतकऱ्यांनी उठाव केला होता. गहाणखते व कर्जरोखे जाळणे हा त्यांचा मुख्य रोख होता. त्यानंतर १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा झाला, तरी कर्जाचा फास सुटला नाही. मात्र पौराणिक चमत्कारांना सरावलेल्या प्रेक्षकांनी या चित्रपटाला अपेक्षित प्रतिसाद दिला नाही. पेंटर यांनी १९३६ मध्ये याच कथेवर त्याच नावाचा बोलपट काढला.

जपानी चित्रपटही त्याच सुमारास असे वळण घेत होता. काबुकी रंगभूमीकडून आलेली, पुरुषांनी स्त्रीभूमिका करण्याची प्रथा तेथेही मागे पडत होती. मिनोरू मुराता यांच्या 'रोजो नो रेइकोन'ने (१९२१) निराधार माणसांची परवड पडद्यावर आणली. भूकंप आणि महायुद्ध यांत जपानचे बहुसंख्य मूकपट नष्ट झाले. मुरातांचा हा चित्रपट मात्र बचावला.

'सावकारी पाश'च्या मूकपटाला ते भाग्य लाभले नाही. त्या काळची नायट्रेट फिल्म ज्वालाग्राही व अल्पायुषी होती आणि पुण्यातील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना १९६४ साली झाली. त्यामुळे शेतकऱ्याचे दुःख पडद्यावर आणणारी ही पहिली महत्त्वाची कलाकृती आज केवळ लेखी नोंदी आणि आठवणींतूनच उरली आहे.