स्क्रीनवरच्या डागांवरून पिन ओळखता येतो का?

४ अंकी पिनच्या एकूण शक्यता १०,०००. पण स्क्रीनवर बोटांचे डाग दिसले तर?

डाग ४ अंकांवर असतील, तर त्यांचे क्रम ४×३×२×१ = २४.

डाग ३च अंकांवर असतील, तर एक अंक दोनदा आलाय. तो कोणता? ३ पर्याय. त्याच्यासाठी ४ पैकी २ जागा निवडू: (४×३)÷२ = ६. पहिली-तिसरी आणि तिसरी-पहिली ही जोडी एकच, म्हणून भागिले २. हेच कॉम्बिनेशन. उरलेले २ अंक २ प्रकारे बसतात. एकूण ३×६×२ = ३६.

अंक कमी, तरी शक्यता जास्त! पण ३६ही फार नाहीत. मी ६ वेगळ्या अंकांचा पिन ठेवतो. डाग दिसले तरी ७२० क्रम उरतात. स्क्रीनही पुसत जा.