जवसाचे तेल आणि एक खोटे चित्र

मंडळी, जवसाचे तेल लाकडाला लावले तर ते लवकर वाळत नाही, हे तुम्हांला ठाऊक आहेच. चित्रकाराच्या तैलरंगात बहुधा हेच तेल असते. वरून सुकले तरी आतून पक्के कठीण व्हायला त्याला कित्येक दशके लागतात. म्हणून जुन्या चित्राची एक साधी परीक्षा असे. कापसाचा बोळा स्पिरिटमध्ये भिजवून रंगावर फिरवायचा. बोळ्याला रंग लागला, की चित्र अलीकडचे.

हॉलंडातील हान व्हान मीगेरन याने नेमकी हीच परीक्षा चुकवली. सतराव्या शतकातला कॅनव्हास मिळवायचा, बेकेलाइट ज्यापासून होते ती राळ रंगात मिसळायची, चित्र भट्टीत भाजायचे, मग गुंडाळून त्याला भेगा पाडायच्या अन् भेगांत काळी शाई भरायची! १९३७ साली त्याचे एक चित्र थोर चित्रकार व्हर्मिअरचे म्हणून पुढे आले. ब्याऐंशी वर्षांचे नामांकित पंडित अब्राहम ब्रेडियस यांनी ते अस्सल ठरवले, आणि ५,२०,००० गिल्डर मोजून ते रॉटरडॅमच्या संग्रहालयासाठी घेतले गेले. व्हर्मिअरची चित्रे जेमतेम पस्तीसच्या आसपास. आणखी एक सापडावे, असे सर्वांनाच वाटत होते. माझ्या मते भट्टीपेक्षा या वाटण्यानेच घात केला.

पुढे गंमत उलटली. युद्धात असेच एक 'व्हर्मिअर' नाझी पुढारी गोअरिंगकडे गेले होते. मे १९४५ मध्ये मीगेरनला अटक झाली. राष्ट्राचा ठेवा शत्रूला विकला, हा आरोप! आता खरे बोलण्यावाचून गत्यंतर नव्हते. चित्र मीच काढले, असे तो सांगू लागला, पण विश्वास कोण ठेवणार? अखेर त्याने पहाऱ्यात, साक्षीदारांदेखत तशाच धर्तीचे नवे चित्र काढून दाखवले. तज्ज्ञांनाही रंगात ती राळ सापडली. गोअरिंगच्या चित्रात तर कोबाल्ट निळा निघाला. हा रंग एकोणिसाव्या शतकातला, व्हर्मिअर वारला १६७५ साली. नोव्हेंबर १९४७ मध्ये मीगेरनला फसवणुकीबद्दल एक वर्षाची सजा झाली. ती भोगण्याआधीच, ३० डिसेंबरला तो वारला.

तरी काही जाणकार रॉटरडॅमचे चित्र खरेच म्हणत राहिले. तो वाद सफेद्याने मिटवला. सफेदा म्हणजे शिसे, बरं का. धातू खनिजातून काढल्यावर त्यातील एक किरणोत्सर्गी अंश दर बावीस वर्षांनी निम्मा होतो. तीनशे वर्षांच्या चित्रात तो जवळजवळ संपलेला असायला हवा. १९६८ साली प्रसिद्ध झालेल्या मोजणीत तो भरपूर निघाला.

ते चित्र आजही रॉटरडॅमच्या त्याच संग्रहात आहे, फक्त नाव मीगेरनचे.