सुटलेला कैदी

बंगळुरूतल्या जे. पी. नगरच्या रंगशंकरात साडेसातचं नाटक साडेसातलाच सुरू होतं. तुम्ही दोन मिनिटं उशिरा आलात, दार बंद. मग कॅन्टीनमधला साबुदाणा वडा हातात घ्या आणि वर्षं मागे टाकत चला. 2004 च्या मागे हे नाट्यगृहच नाही. आणखी मागे जा, नगरही नाही. सारक्की गाव आणि तळं. 1945 उजाडलंय. ज्यांचं नाव या नगराला पुढे मिळणार, ते जयप्रकाश नारायण आग्र्याच्या तुरुंगात आहेत.

आणि एक जर्मन कैदी सुटतोय. मुंबई गाठा, तिथे तो भेटेल. पॉल झिल्स, वय तीस, गाव वुपर्टाल, शिक्षण बर्लिनच्या उफा स्टुडिओतलं. डच ईस्ट इंडीजमध्ये शत्रुराष्ट्राचा नागरिक म्हणून पकडला गेला आणि ब्रिटिशांच्या हिंदुस्थानात येऊन पडला. सुटल्यावर त्याच ब्रिटिश सरकारने त्याला ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’त एका विभागाचा प्रमुख केलं! सरकारचा कारभार कधीकधी असा आपल्या पथ्यावर पडतो.

1947. झिल्सच्या ‘डॉक्युमेंटरी युनिट इंडिया’त शिरा. डॉक्टरकी अर्धवट सोडून आलेले फली बिलिमोरिया त्याच्या जोडीला आहेत. त्यांच्या माहितीपटाचा विषय आहे भारतीय जहाजवाहतुकीचा लढा. सोलापूरच्या वालचंद हिराचंदांच्या सिंदिया कंपनीने 1919 साली ‘लॉयल्टी’ बोट लंडनला धाडली, तेव्हापासून इंग्रज कंपन्यांशी चाललेलं भांडण. ते पडद्यावर मांडतोय एक जर्मन!

पुढच्याच वर्षी फिल्म्स डिव्हिजन आलं. सरकारी माहितीपट दाखवणं थिएटरांना सक्तीचं झालं, खाजगी निर्मात्यांची वाट अडली. म्हणून झिल्स बर्मा शेलसारख्या कंपन्यांसाठी काम करताना दिसला, तर नाक मुरडू नका. सरकारी पैसा तरी कुठे निरपेक्ष होता? कथापटातही त्याने हात घातला. ‘चार अध्याय’ या कादंबरीवरचा ‘झलझला’, 1952, देव आनंद आणि गीता बाली. तो मोह टाळला असता तर बरं. त्याची नजर माणसांच्या कामावर ठरायची. नट मंडळी हा त्याचा प्रांत नव्हे.

बिलिमोरियांच्या ‘द हाउस दॅट आनंदा बिल्ट’ला 1969 च्या ऑस्करसाठी नामांकन मिळालं. झिल्स तोवर कधीच जर्मनीला परतला होता.