१६ ऑगस्ट : संकलक रेणू सलुजा यांचा स्मृतिदिन

चित्रपट संकलक रेणू सलुजा यांचे २००० साली आजच्या दिवशी मुंबईत निधन झाले. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्यांना शिकायचे होते दिग्दर्शन. प्रवेश मिळाला संकलनाला. हिंदी सिनेमाचे त्यात भलेच झाले म्हणायचे! १९८३ मध्ये त्यांच्या टेबलावरून दोन टोकांचे चित्रपट बाहेर पडले : 'अर्धसत्य' आणि 'जाने भी दो यारो'. दुसऱ्यातल्या महाभारताच्या प्रयोगात प्रेताचीच द्रौपदी होते आणि रंगमंचावर धांदल उडते. ते हसू नुसत्या संवादांचे नाही. कोणाचा चेहरा किती क्षण दाखवायचा, हा हिशेब सलुजांचा. 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर' यांच्या संकलनासाठी त्यांना चार वेळा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. गेल्या तेव्हा त्या अवघ्या ४८ वर्षांच्या होत्या.