काडतुसाचे कागदी कूळ

‘गावठी कट्टा आणि दोन जिवंत काडतुसे जप्त’ हे वाक्य मराठी वर्तमानपत्रांत इतक्यांदा येते की त्यातला ‘जिवंत’ हा शब्द कोणाला अडत नाही. काडतूस म्हणजे बंदुकीची गोळी, असा सर्रास समज आहे. तो चुकीचा आहे, आणि शब्दाचे कूळच ती चूक दाखवते. कानाला शब्द अगदी देशी वाटतो, कारण गव्हाचे काड आपल्या ओळखीचे आणि धान्याचे तूसही. पण हिंदीत तो ‘कारतूस’ आहे, आणि त्यातला ‘र’ आपल्याला समुद्रापार नेतो. पोर्तुगिजांचा ‘कार्तूशु’ काय किंवा इटालियनांचा ‘कार्तोच्चो’ काय, अर्थ कागदाची सुरळी. मूळ लॅटिन ‘कार्ता’, म्हणजे लिहायचे पान. मराठी तोंडात ‘र’चा ‘ड’ होताना काड आणि तूस यांनीच वळण लावले असावे. म्हणजे हे नाव गोळीचे नाही, तिच्या वेष्टनाचे आहे.

ठासणीच्या बंदुकीत आधी नळीत दारू ओतायची, मग गोळी सोडायची आणि गजाने ठासायची. ऐन लढाईत दारू मोजत बसायला नको म्हणून एका बाराची दारू आणि गोळी कागदात आधीच गुंडाळून ठेवू लागले, ते काडतूस. शिपाई ते दातांनी फाडत असे. १८५७ साली एन्फिल्ड बंदुकीच्या काडतुसावरून जो भडका उडाला, त्याचे कारण दातांशी येणाऱ्या त्या कागदाला लावलेली चरबी होती. त्याच साली अमेरिकेत स्मिथ अँड वेसन यांनी तांब्याच्या पुंगळीची काडतुसे घेणारे छोटे रिव्हॉल्वर विक्रीला आणले. एकीकडे कागद राज्य हादरवत होता आणि दुसरीकडे त्याची सद्दी संपत होती. आजच्या काडतुसात पितळी पुंगळी, तिच्या बुडाशी ठिणगी देणारी टोपी, आत दारू आणि तोंडाशी गोळी असते. बार उडताच पुंगळी फुगून नळीच्या भिंतीला घट्ट बसते आणि वायू मागे येऊ देत नाही. कागदाला हे कधीच जमले नसते. पुण्याजवळ खडकीला १८६९ पासून दारूगोळ्याचा कारखाना आहे. तिथेही काडतुसांत कागद नाही, नाव मात्र कागदाचेच.

माझे म्हणणे असे की हातातल्या शस्त्रांची नावेही काडतूस कुठे बसते यावरून समजून घ्यावीत. रिव्हॉल्वरमध्ये ती फिरत्या दंडगोलाच्या कप्प्यांत बसतात. आपण ज्याला पिस्तूल म्हणतो त्यात ती मुठीतल्या मॅगझिनमध्ये एकावर एक रचलेली असतात. (हा ‘मॅगझिन’ आपल्या ‘खजिन्या’चा सख्खा भाऊ, दोघांचा अरबी धातू एकच, साठवणे.) यावर आक्षेप येईल की सॅम्युएल कोल्टने रिव्हॉल्वरचे पेटंट १८३६ मध्येच घेतले होते, तेव्हा धातूचे काडतूस होते कुठे? आक्षेप खरा आहे. पण कोल्टच्या रिव्हॉल्वरमध्ये प्रत्येक कप्पा दारू आणि गोळी घालून ठासावा लागे, वर प्रत्येकाला वेगळी टोपी बसवावी लागे. म्हणजे ती दंडगोलात बसवलेली ठासणीचीच बंदूक होती. मॅगझिनचे पिस्तूल तर धातूच्या पुंगळीशिवाय संभवतच नाही. कागदाची सुरळी त्या यंत्रात टिकली नसती.

दुसरा आक्षेप जास्त वजनाचा आहे. लोक गोळीला काडतूस म्हणत असतील तर तोच अर्थ, व्युत्पत्तीचा हट्ट कशाला? एरवी मीही हे मान्य केले असते. पण इथे शब्द पंचनाम्यात उतरतो. गोळीवर नळीतल्या आट्यांचे चरे उमटतात, पुंगळीच्या बुडावर टोपी फोडणाऱ्या कांडीची खूण. हे दोन वेगळे पुरावे आहेत. रिव्हॉल्वर रिकाम्या पुंगळ्या पोटातच ठेवते, पिस्तूल त्या बाहेर फेकते. जमिनीवर पडलेली पुंगळी म्हणूनच काही सांगते. ‘जिवंत’ हा शब्दही फुकटचा नाही, उडालेल्या पुंगळीलाही लोक काडतूसच म्हणतात म्हणून तो लागतो. बातमी लिहिणाऱ्यांना एवढीच विनंती: शरीरात शिरते ती गोळी, जागेवर सापडते ती पुंगळी, आणि न उडालेले ते काडतूस, असे लिहा.