फायलीच्या दोन्ही बाजूंना बसलेला माणूस

मंडळी, आजची पोस्ट लांब आहे आणि आपल्याकडे कुणी फारसा न बघणाऱ्या खेळाबद्दल आहे. तरी शेवटपर्यंत वाचा. विषय खेळाचा कमी आणि भरपाईचा जास्त आहे.

प्रश्न साधा आहे. कामामुळे जडलेलं दुखणं कामामुळेच जडलं, हे सिद्ध कोणी करायचं? ज्याचं अंग मोडलं त्याने, की ज्याने त्याच्याकडून काम करून घेतलं त्याने? अमेरिकेत एक माणूस या प्रश्नाच्या दोन्ही बाजूंना बसला. आधी इतरांच्या अर्जांवर निर्णय देणारा म्हणून, आणि शेवटी स्वतःच पुरावा होऊन. त्याचं नाव डेव्ह ड्युअरसन.

जन्म १९६० चा, इंडियाना राज्यातल्या मन्सी गावचा. शिक्षण नोत्र दाम विद्यापीठात, अर्थशास्त्राची पदवी. १९८३ साली शिकागो बेअर्स या व्यावसायिक अमेरिकन फुटबॉल संघाने त्याला घेतलं. हा फुटबॉल म्हणजे आपला पायाने खेळायचा नव्हे. डोक्यावर हेल्मेट, खांद्यावर जाड पॅड आणि हातात लांबट चेंडू. चेंडू घेऊन पळणाऱ्याला अंगावर झेप घालून पाडायचं, असा सगळा मामला.

ड्युअरसनची जागा होती ‘सेफ्टी’. बचावाच्या सगळ्यात मागच्या फळीतला गडी. पुढच्या सगळ्यांना चुकवून कोणी निसटला, तर शेवटी त्याला अडवायचं काम याचं. कबड्डीत रेडर मधल्या रेषेकडे झेपावतो आणि शेवटचा गडी त्याच्यावर पडतो, तसंच. फरक एवढाच की इथे दोघंही लांबून धावत येतात आणि भर वेगात एकमेकांवर आदळतात. ही टक्कर म्हणजेच त्या माणसाचं काम, त्याचाच त्याला पगार.

१९८५ चा बेअर्स संघ अमेरिकेत आजही दंतकथेसारखा सांगितला जातो. नियमित हंगामात १६ पैकी १५ सामने जिंकले. बाद फेरीतल्या पहिल्या दोन सामन्यांत समोरच्या संघाला एक गुणसुद्धा करू दिला नाही. २६ जानेवारी १९८६ ला सुपर बोल म्हणजे अंतिम सामना न्यू इंग्लंडविरुद्ध ४६-१० असा जिंकला. बचावाचे प्रशिक्षक बडी रायन यांच्या त्या पद्धतीला ‘४६ डिफेन्स’ म्हणत. जर्सी क्रमांक ४६ घालणाऱ्या डग प्लँक या जुन्या सेफ्टीवरून हे नाव पडलं होतं. या पद्धतीत सेफ्टीला नुसतं मागे थांबून चालायचं नाही, पुढे घुसून हल्ला करावा लागे. १९८६ च्या हंगामात ड्युअरसनने प्रतिस्पर्धी क्वार्टरबॅकला सात वेळा पाडलं. मागच्या फळीतल्या खेळाडूसाठी तो विक्रम होता आणि २००५ पर्यंत टिकला. १९८५ ते १९८८ अशी सलग चार वर्षं तो प्रो बोल या निवडक खेळाडूंच्या सामन्यासाठी निवडला गेला. पुढे १९९० च्या हंगामात न्यूयॉर्क जायंट्सकडून आणखी एक सुपर बोल. एकूण ११ हंगाम खेळून १९९३ नंतर तो थांबला.

मैदानाबाहेरही माणूस वजनदार. बेअर्समध्ये तो खेळाडूंच्या युनियनचा प्रतिनिधी होता. १९८७ साली खेळाडूंनी संप केला तेव्हा ही जबाबदारी सोपी नव्हती. त्याच वर्षी समाजकार्यासाठी लीगचा ‘मॅन ऑफ द इयर’ हा मान त्याला मिळाला. निवृत्तीनंतर आधी मॅकडोनाल्ड्सची दुकानं, मग स्वतःचा मांसाच्या सॉसेजचा कारखाना. नोत्र दामच्या विश्वस्त मंडळावरही त्याला घेतलं. पैसा, पदवी, प्रतिष्ठा, काही कमी नव्हतं.

मग घसरण सुरू झाली. २००५ साली बायकोला ढकलल्याच्या प्रकरणात त्याच्यावर गुन्हा दाखल झाला आणि विश्वस्तपद गेलं. पुढे कारखाना बुडाला, घटस्फोट झाला, घर गेलं. २०१० साली त्याने दिवाळखोरीचा अर्ज केला. ज्यांनी त्याला आधी पाहिलं होतं त्यांना हा माणूसच वेगळा वाटू लागला. डोकं दुखतंय, साधे शब्द आठवत नाहीत, नजर अंधुक होते, अशा त्याच्या तक्रारी होत्या. इथे एक गोष्ट स्पष्ट लिहितो. बायकोवर हात टाकणं हे आजाराच्या खात्यावर टाकून मोकळं होता येत नाही. पण ही माहिती सोडून त्याची गोष्टही सांगता येत नाही.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो.

याच पडत्या काळात, २००६ पासून, ड्युअरसन एका महत्त्वाच्या मंडळावर होता. निवृत्त खेळाडूंच्या पेन्शन आणि अपंगत्व लाभाच्या अर्जांवर हे मंडळ निर्णय देई. मतदानाचा हक्क असलेले सहा सदस्य, तीन संघमालकांच्या बाजूचे आणि तीन युनियनचे. ड्युअरसन युनियनच्या बाजूचा. विसरभोळेपणा, चिडचिड, डोकेदुखी असलेल्या जुन्या खेळाडूंच्या फायली त्याच्या टेबलावर येत. कोणत्या फायलीवर त्याने काय मत दिलं हे गोपनीय आहे. पण युनियनचे हे सदस्यही आपल्याच माणसांशी फार कडक वागतात, अशी निवृत्त खेळाडूंची जाहीर तक्रार होती.

तेव्हाचं वातावरणही समजून घ्या. पिट्सबर्गचा माइक वेबस्टर हा नावाजलेला खेळाडू २००२ साली वयाच्या पन्नाशीत वारला. शेवटची काही वर्षं गाडीत झोपून काढलेली. डॉ. बेनेट ओमालू या नायजेरियात जन्मलेल्या डॉक्टरांनी त्याचा मेंदू तपासला आणि त्यात एक आजार सापडला: क्रॉनिक ट्रॉमॅटिक एन्सेफॅलोपॅथी, थोडक्यात सीटीई. डोक्याला वारंवार हादरे बसले की ताऊ नावाचं प्रथिन मेंदूत साचत जातं आणि पेशी मरतात. हे अगदीच नवीन नव्हतं. मुष्टियोद्ध्यांची अशी अवस्था होते, हे अमेरिकेत हॅरिसन मार्टलंड या डॉक्टरांनी १९२८ सालीच लिहून ठेवलं होतं. तरी २००५ साली ओमालूंचा लेख छापून आला, तेव्हा लीगच्या समितीतल्या डॉक्टरांनी तो मागे घ्या अशी मागणी केली. १९९४ साली मेंदूच्या दुखापतींवर नेमलेल्या या समितीचा पहिला अध्यक्ष कोण होता? सांधेदुखीचा डॉक्टर!

२००६ च्या नोव्हेंबरात आंद्रे वॉटर्सने आत्महत्या केली. वय ४४. हाही सेफ्टीच. त्याच्याही मेंदूत सीटीई निघाला. दबाव वाढला. २००७ पासून लीग आणि युनियनने स्मृतिभ्रंश झालेल्या माजी खेळाडूंसाठी वर्षाला ८८ हजार डॉलरपर्यंत मदत सुरू केली. जॉन मॅकी या आजारी खेळाडूच्या ८८ क्रमांकाच्या जर्सीवरून हा आकडा ठरला. मदत सुरू झाली, पण हा आजार खेळामुळे झाला असं मात्र लीग कबूल करत नव्हती.

त्याच २००७ साली अमेरिकन सिनेटच्या समितीपुढे सुनावणी झाली. ड्युअरसन युनियनच्या बाजूने बोलायला बसला होता. तिथे त्याने स्वतःच्या वडिलांचं उदाहरण दिलं. वडील ८४ वर्षांचे, त्यांना अल्झायमर आहे, मेंदूला इजा आहे, पण ते कधी व्यावसायिक खेळ खेळले नाहीत. मग हे नुकसान नेमकं कुठून येतं, हा प्रश्न रास्तच आहे, असा त्याचा रोख होता. समोर माजी खेळाडू बसलेले. त्यांना हे किती झोंबलं असेल, याचा तुम्हीच विचार करा.

आणि खरं सांगायचं तर हा प्रश्न चुकीचा नव्हता. म्हातारपणी विस्मरण अनेकांना होतं. प्रत्येक दुखण्याचं खापर खेळावर फोडता येत नाही. अडचण एवढीच की सीटीईचं पक्कं निदान जिवंत माणसात होत नाही. मेल्यावर मेंदू उघडला तरच ते होतं. म्हणजे जिवंत अर्जदाराला सांगायचं, पुरावा आण, आणि पुरावा तर त्याच्या कवटीच्या आत कुलूपबंद!

१७ फेब्रुवारी २०११. फ्लोरिडातल्या सनी आइल्स बीच इथल्या घरात ड्युअरसनने छातीत गोळी झाडून घेतली. वय ५०. घरच्यांना त्याचे निरोप आणि चिठ्ठी मिळाली. माझा मेंदू लीगच्या ब्रेन बँकेला मिळेल असं बघा, अशी विनंती त्यात होती. ही बँक म्हणजे बॉस्टन विद्यापीठाचं संशोधन केंद्र. आदल्याच वर्षी लीगने त्याला दहा लाख डॉलर दिले होते.

२ मे २०११ ला निष्कर्ष जाहीर झाला. डॉ. अ‍ॅन मॅकी यांनी सांगितलं की सीटीई स्पष्ट आहे, बराच पुढे गेलेला आहे आणि दुसऱ्या कोणत्याही आजाराची खूण नाही.

हे शेवटचं वाक्य पुन्हा वाचा. दुसऱ्या आजाराची खूण नाही. चार वर्षांपूर्वी सिनेटमध्ये वडिलांचं नाव घेऊन त्याने जो प्रश्न विचारला होता, त्याचं निदान त्याच्यापुरतं उत्तर त्याच्याच मेंदूने दिलं.

सीटीई होता म्हणूनच त्याने जीव दिला, असं मात्र मी लिहिणार नाही. कर्ज होतं, मोडलेला संसार होता, एकटेपणा होता. कोणत्याही आत्महत्येला एकच कारण चिकटवणं ही आम्हा पत्रकारांची वाईट खोड आहे.

पुढचं थोडक्यात. २०१२ च्या फेब्रुवारीत त्याचा मुलगा ट्रेग याने लीगवर दावा लावला. असे साडेचार हजारांवर माजी खेळाडू कोर्टात गेले. २०१३ साली ७६.५ कोटी डॉलरची तडजोड जाहीर झाली. पुढे वरची मर्यादा काढली गेली आणि दिलेली रक्कम एक अब्ज डॉलरच्या पुढे गेली. पण अटी बघा. सीटीईने झालेल्या मृत्यूची भरपाई फक्त २२ एप्रिल २०१५ च्या, म्हणजे कोर्टाच्या मंजुरीच्या आधी वारलेल्यांच्या घरच्यांना. त्यानंतर मेलात आणि मेंदूत सीटीई निघाला, तर त्याचे पैसे नाहीत. दुसरी गोष्ट याहून संतापजनक. मेंदूची चाचणी घेताना कृष्णवर्णीय खेळाडूंची मूळ बौद्धिक पातळी कमी धरली जात होती, त्यामुळे त्यांचं नुकसान कागदावर कमी दिसे. ही पद्धत बंद करायचं लीगने २०२१ साली कबूल केलं. खेळाचा आणि या आजाराचा संबंध आहे, हे लीगच्या अधिकाऱ्याने अमेरिकन संसदेच्या समितीपुढे मान्य केलं ते २०१६ च्या मार्चमध्ये.

२०१७ साली बॉस्टनच्या संशोधकांनी लीगच्या १११ माजी खेळाडूंचे मेंदू तपासून अहवाल छापला. ११० मध्ये सीटीई. यावरून शंभरातल्या नव्याण्णवांना हा आजार होतो असं म्हणता येत नाही. ज्यांना त्रास दिसत होता त्यांच्याच घरच्यांनी बहुतेक मेंदू दिले होते, हे संशोधकांनीच नमूद केलंय. तरी ११० हा आकडा लहान नाही.

बातमीदारीत भरपाईच्या फायली मी खूप पाहिल्यात. जवळपास प्रत्येक फायलीत एक वाक्य असतं: सदर बाब कामाशी संबंधित असल्याचे सिद्ध होत नाही. ते लिहिणारा दरवेळी वाईट माणूस असतोच असं नाही. बहुतेकदा तो नियमाने चालणारा, शिकलेला, आपल्यातलाच असतो. ड्युअरसन तर युनियनचा माणूस होता, स्वतः अकरा हंगाम डोक्याने टकरा घेतलेला. तरी त्या टेबलावर बसल्यावर त्यालाही पुरावा अपुराच दिसला. म्हणून मंडळावर ‘आपला माणूस’ बसवला की काम झालं, असं समजू नका. पुरावा गोळा करायचा खर्च आणि जबाबदारी कोणाची, हे नियमात काय लिहिलंय ते आधी बघा. ज्याने काम करून घेतलं, डॉक्टर त्याचेच, नोंदी त्याच्याच कपाटात, आणि सिद्ध करायचं आजारी माणसाने, असा नियम असेल तर खुर्चीवर कोणीही बसवा, फाईल परतच येणार.

(मनावर ताण असेल तर एकटं राहू नका, कुणाशी तरी बोला. टेलिमानस ही सरकारी मोफत सेवा १४४१६ या क्रमांकावर २४ तास सुरू असते.)