सासरच्या माणसांवरील फिर्याद

आपल्याकडे मुलगी द्यावयाची म्हणजे घर पाहून देतात. पुढे जाच झाला तर तोही पुष्कळदा साऱ्या घराकडून होतो. तेव्हा हुंड्याच्या छळावरील कायद्याने एकट्या नवऱ्याला धरून भागत नाही, हे उघड आहे. पण घर म्हणजे कोण कोण? सासू-सासरे, की परगावी नांदणारी नणंदसुद्धा? गेली चाळीस वर्षे आपली न्यायालये या प्रश्नाचे उत्तर शोधीत आहेत.

हुंडाबंदीच्या विधेयकावर संसदेच्या दोन सभागृहांत एकमत होईना, म्हणून मे १९६१ मध्ये त्यांची संयुक्त बैठक भरवावी लागली. कायदा झाला, पण देणारा आणि घेणारा दोघेही त्यात अपराधी. मग फिर्याद करणार कोण? १९७९ च्या सुमारास स्टोव्हच्या भडक्यात सुना जळाल्याच्या वार्तांनी दिल्लीत स्त्रिया रस्त्यावर उतरल्या. त्यातून १९८३ साली दंडविधानात कलम ४९८-अ आले. सुनेला क्रूरतेने वागविणाऱ्या नवऱ्याला ‘किंवा नवऱ्याच्या नातेवाइकाला’ तीन वर्षांपर्यंत कैद व दंड! उंबऱ्याआड चाललेल्या छळाला कायद्याने प्रथमच गुन्हा म्हटले, ही लहान गोष्ट नव्हे.

परंतु ‘नातेवाईक’ हा शब्द ऐसपैस आहे. फिर्यादीत सगळ्या घराची नावे येऊ लागली आणि पोलीस सरसकट धरपकड करू लागले. २०१२ या एका वर्षात या कलमाखाली १,९७,७६२ माणसांना अटक झाली. त्यांत ४७,९५१ स्त्रिया होत्या. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली हे आकडे पुढे ठेवून विनाकारण अटकेला आळा घातला. शिक्षेचे प्रमाण शेकडा पंधरा होते. मात्र त्यावरून उरलेल्या फिर्यादी खोट्या होत्या असे ठरत नाही. घरातील जाचाला साक्षीदार घरचेच. ते सुनेच्या बाजूने कसे उभे राहणार?

खटला मुळातच थांबविण्याचा अंगभूत अधिकार उच्च न्यायालयांना आहे. तो केव्हा वापरावा याचे दंडक १९९० साली, हुंड्याशी संबंध नसलेल्या एका प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने घालून दिले. फिर्यादीतील सर्व मजकूर खरा धरूनही गुन्हा होत नसेल तर ती रद्द करावी, हा त्यांतील प्रमुख दंडक. पतिपत्नींचा समेट झाल्यास हे कलम आड येऊ नये, असे २००३ साली ठरले. २०१० च्या एका प्रकरणात फिर्याद रांचीत झाली होती; आरोपींपैकी विवाहित नणंद गुजरातेत राहत होती आणि दीर महाराष्ट्रात. दोघांवरील खटला रद्द झाला. शेवटी निर्दोष सुटले तरी बदनामीचे व्रण बुजत नाहीत, हेही न्यायालयाने बोलून दाखविले. २०२२ साली बिहारमधील प्रकरणात, कोणी काय केले हे न सांगता केलेल्या मोघम आरोपांवर सासरच्यांना खटल्यात ओढू नये, असा निर्णय झाला. डिसेंबर २०२४ मध्ये तेलंगणातील प्रकरणी तेच तत्त्व पुन्हा सांगितले गेले. पण जिला खरोखर छळ सोसावा लागला तिने गप्प बसावे असा याचा अर्थ नव्हे, हेही न्यायालयाने त्याच निकालात बजावले.

जुलै २०२४ पासून हे कलम भारतीय न्याय संहितेत ८५ व ८६ या आकड्यांनी आले आहे. आकडे बदलले, प्रश्न तोच राहिला. २०२२ या एका वर्षात देशात सहा हजारांहून अधिक हुंडाबळींची नोंद झाली, हे विसरून ‘कायद्याचा दुरुपयोग’ एवढेच घोकणे हा शुद्ध अप्रामाणिकपणा होय. उलट, सर्वांना गोवले की खरा गुन्हेगार त्या गर्दीत लपतो, हेही तितकेच खरे.

म्हणून लेकीच्या बाजूने उभ्या राहणाऱ्या आईबापांनी नावांची यादी वाढवू नये. कोणी, कोणत्या दिवशी, काय मागितले आणि काय केले, ते नेमके लिहावे. अशी फिर्याद सहसा रद्द होत नाही. आणि परगावच्या त्या नणंदेचे नाव घालण्यापूर्वी क्षणभर थांबावे. तीही कोणाची तरी सून आहे.